पिवळ्या उजेडातला निळा रंग

माझं म्हणणं बरोबर असतं, अशी माझी लहानपणापासूनची समजूत आहे. आई तिला हट्ट म्हणायची. बाबा म्हणायचे, "स्वभाव आहे तिचा," आणि पेपर वर करायचे. दिल्लीच्या थंडीत माणसं कोणत्या उजेडात जास्त काम करतात याबद्दलही माझं ठाम मत होतं, आणि ते बरंचसं खरं होतं. त्यातलं 'बरंचसं' म्हणायला शिकण्यात मात्र माझा एक अख्खा हिवाळा गेला.

आम्ही आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टरमध्ये राहायचो. बाबा एका मंत्रालयात सेक्शन ऑफिसर होते. सकाळी अंधारात दूध आणायचं काम माझ्याकडे होतं. दुधाच्या बूथवर एक साधा पिवळा बल्ब लटकायचा आणि त्याच्याखाली तमिळ, बंगाली, पंजाबी, मराठी अशी सगळ्या क्वार्टरांतली मंडळी मफलर गुंडाळून गप्पा मारत रांगेत उभी असायची. एका डिसेंबरात कुणीतरी तो बल्ब काढून तिथे ट्यूबलाइट लावली. उजेड चांगला दुप्पट झाला, आणि लोक म्हणायला लागले की यंदा थंडी फारच आहे. गप्पा बंद पडल्या. जो तो आपली बरणी भरून घेऊन पळायला लागला. थंडी तेवढीच होती. आमच्या बाल्कनीतला थर्मामीटर मी रोज बघत होते, त्यामुळे मला कुणी फसवू शकत नव्हतं. माणसाला थंडी डोळ्यांनीही वाजते, हे मी तेव्हाच ठरवून टाकलं.

मी इलेक्ट्रिकल इंजिनिअर होऊन बाहेर पडले तेव्हा देशात सगळं नुकतंच खुलं झालं होतं. बाबांनी सरकारी परीक्षांचे फॉर्म आणून टेबलावर ठेवले होते. मी त्या फॉर्मांवर चहाचा कप ठेवला आणि एका खासगी कंत्राटदार कंपनीत नोकरी धरली. कंपनी द्वारकेत एका हाउसिंग सोसायटीचं काम करत होती. तेव्हा द्वारका म्हणजे अर्धे रस्ते, मोहरीची शेतं, आणि डोक्यावरून इतक्या खालून जाणारी विमानं की बोलणारा माणूस मध्येच थांबून हाताने 'एक मिनिट' म्हणायचा. सोसायटीचे सभासद बहुतेक केंद्र सरकारचे नोकर, बाबांसारखेच. जन्मभर क्वार्टरात काढलेली आणि आता स्वतःचं घर कधी मिळतं म्हणून दर रविवारी साइटवर येऊन भिंती हाताने चाचपून बघणारी माणसं.

साइटवरचं विजेचं सगळं काम माझ्याकडे होतं. साइटवर बाई इंजिनिअर मी एकटीच. आवाज चढवल्याशिवाय कुणी ऐकत नाही, हे मला आठवड्यात कळलं. आवाज माझ्याकडे मुळातच होता.

डिसेंबर लागला आणि काम मंदावलं. साडेपाचला अंधार, वर धुकं. पण कंपनीला सगळं मार्चच्या आत उरकायचं होतं, म्हणून काम रात्री आठपर्यंत चालायचं. केबलसाठी चर खणणारी माणसं दिवसाचा उजेड असेल तितका वेळ धडाधड खणायची आणि दिवे लागले की कुदळीवर हात टेकून उभी राहायची. आधीच उल्हास, त्यात फाल्गुन मास. सगळे म्हणत थंडी आहे, काय करणार. मी वर बघितलं. खांबांवर मर्क्युरीचे दिवे होते, तो निळसर पांढरा उजेड, ज्यात चांगल्या धडधाकट माणसाचा चेहराही आजारी दिसतो. मला दुधाचा बूथ आठवला.

मी दहा दिवस डायरीत लिहून ठेवलं की दिवे लागल्यावर किती चर खणला जातो. मग प्रोजेक्ट मॅनेजरकडे गेले. ते गृहस्थ रोहतकचे, सज्जन, फक्त हेड ऑफिसला घाबरून असत. मी म्हटलं, मला सोडियमचे पिवळे दिवे द्या, आणि पुन्हा दहा दिवस द्या. त्यांनी दिले. ज्या संध्याकाळी ते पिवळे दिवे पहिल्यांदा लागले त्या संध्याकाळी सगळी साइट भट्टीजवळ बसल्यासारखी दिसायला लागली. कुणाच्या तरी तोंडून गाणं निघालं. चर दीडपट वेगाने पुढे सरकला. तेवढ्याच थंडीत, त्याच माणसांनी, त्याच कुदळींनी. हातच्या कांकणाला आरसा कशाला? मॅनेजरसाहेबांनी हेड ऑफिसला कळवलं, तिथून शाबासकी आली, आणि पुढच्या सेक्टरातल्या मोठ्या साइटचं विजेचं काम मलाच द्यायचं असं तोंडी ठरलंसुद्धा. मी घरी येऊन बाबांना सांगितलं. ते म्हणाले, "तोंडी ठरलेलं काही ठरलेलं नसतं." पण त्यांनी त्या दिवशी दुसरी पोळी मागून घेतली, म्हणजे त्यांना आनंद झाला होता.

आता उस्तादांबद्दल सांगते. उस्ताद म्हणजे आमचे केबल जॉइंटर. जमिनीखालून जाणारी केबल एका तुकड्यात पुरत नाही, मध्ये जोड द्यावा लागतो, आणि तो जोड देण्याचं परमिट असलेला माणूस हाच साइटवरचा खरा कारागीर. उस्तादांचं वय पन्नाशीच्या पुढे, बोलणं कमी, हात अतिशय स्वच्छ. त्यांची एक पद्धत होती. केबलच्या आतल्या चार तारा सोलल्या की ते एकेक रंग मोठ्याने म्हणत, "लाल. पीला. नीला. काला." खड्ड्याच्या वर बसलेला त्यांचा मेव्हणा तेच रंग पुन्हा म्हणत असे. लाल, पिवळी, निळी या वीज आणणाऱ्या तारा. काळी ती न्यूट्रल, वीज परत नेणारी. चारी जुळल्या की ते जोड बंद करत आणि त्याला शिशाची एक चपटी पट्टी बांधत. पट्टीवर त्यांचं नाव ठोकलेलं असे. वीस वर्षांनी कुणी खणलं तरी जोड कुणाचा ते कळलं पाहिजे, असा त्या लोकांचा रिवाज आहे. आम्ही इंजिनिअर लोक कुठेच नाव ठोकत नाही.

एका ब्लॉकमध्ये काही कुटुंबं आधीच राहायला आली होती. त्यांना तात्पुरत्या लाइनवर फक्त दिवे मिळत, हीटर लावायची परवानगी नव्हती. म्हातारी माणसं रजयांत बसून होती. मी त्यांना शब्द दिला होता की लोहडी-संक्रांतीच्या आत पक्की वीज देते. एकच जोड राहिला होता. त्या दिवशी सामान पोचायला पाच वाजले. उस्ताद म्हणाले, "सुबह कर लें, मैडम जी?" मी म्हटलं, "इतनी तो लाइट है. आज ही कीजिए." ते खड्ड्यात उतरले. धुक्यात पिवळा उजेड पसरलेला होता. मी वर उभी राहून हात बगलेत धरून ऐकत होते. लाल, पीला, नीला, काला. मेव्हण्याचा आवाज थंडीने कापत होता, पण रंग बरोबर म्हणत होता. पट्टी बांधली गेली.

दुसऱ्या दिवशी मी मेगर लावून केबल तपासली. मेगर सांगतो की तारा एकमेकींना कुठे चिकटलेल्या नाहीत. कोणती तार कुठे पोचली हे तो सांगत नाही. त्यासाठी दोन्ही टोकांना माणसं उभी करून एकेक तार घंटीने वाजवून बघावी लागते. दोन्ही टोकांचे रंग चोख दिसत होते, वरून म्हातारी मंडळी बाल्कनीतून बघत होती, आणि मला स्वतःच्या साइटची खात्री होती. मी घंटी वाजवली नाही. मेन स्विचचा हँडल वर केला.

पहिल्यांदा टाळ्या वाजल्या. मग बल्ब पांढरे फटक झाले आणि फुटायला लागले. मी हँडल खाली ओढेपर्यंत फार तर अर्धं मिनिट गेलं असेल. तेवढ्यात ब्लॉकमधले टीव्ही गेले, फ्रिज गेले. एका आजोबांनी हीटर लावून रजईजवळ ठेवला होता, त्याची तार पांढरी होऊन तुटली आणि रजईचा कोपरा पेटला. त्यांच्या सुनेने बादली ओतली. आजोबांना काही झालं नाही. पण ती ओली, जळकी रजई मी हातात घेतली तेव्हा मला त्या आजोबांसमोर लाज वाटली, हे मी इथे पहिल्यांदाच लिहिते आहे. काही घरांत मात्र काहीच बिघडलं नव्हतं, आणि त्यावरूनच मला कारण कळलं. जोडात निळी आणि काळी यांची अदलाबदल झाली होती. त्यामुळे लाल आणि पिवळ्या तारेवरच्या घरांत जवळजवळ दुप्पट दाबाची वीज शिरली, निळीवरची घरं तेवढी वाचली. आम्ही जोड खणून उघडला. तशीच होती.

मी उस्तादांवर फार ओरडले. सगळ्यांसमोर. "इतने साल में नीला-काला नहीं पहचाना?" ते जोडाकडे बघत होते. म्हणाले, "मैंने देखकर जोड़ा था, मैडम जी." एवढंच. मॅनेजरसाहेबांनी मला बाजूला घेतलं. रिपोर्ट वीज निरीक्षकांच्या ऑफिसात जाणार होता आणि तो मलाच लिहायचा होता. ते म्हणाले, "जॉइंटर की गलती लिख दो. सिंपल." त्याचा अर्थ मला माहीत होता आणि उस्तादांनाही. परमिट रद्द. या वयात त्यांना दुसरं काम कोण देणार होतं? मला त्यांची दया आली नाही, खरं सांगते. चूक ज्याची त्याने भरावी, असं माझं मत होतं. फक्त रिपोर्ट लिहिण्याआधी त्यांची चूक त्यांना दाखवून द्यावी, अशी मला खुमखुमी आली.

त्या संध्याकाळी मी त्याच केबलचा एक हातभर तुकडा घेतला, तो सोलला, आणि उस्तादांना घेऊन त्याच खड्ड्यापाशी, त्याच खांबाखाली गेले. बोटं गारठून काठीसारखी झाली होती. जाड केबलमध्ये न्यूट्रल बारीक असते, डोळे मिटूनही हाताला कळते. ही केबल लहान होती, चारी तारा सारख्याच जाडीच्या. मी तुकडा त्यांच्यापुढे धरला आणि म्हटलं, "नीला निकालिए." त्यांनी हात पुढे केला नाही. म्हणाले, "आप निकालिए."

मला राग आला. मी तार निवडली, वाकवून बाजूला काढली, म्हटलं, हे बघा निळी. मग पिशवीतली बॅटरी काढून तिच्यावर झोत टाकला. ती काळी होती.

मी पुन्हा बॅटरी बंद केली. पिवळ्या उजेडात दोन्ही तारा पुन्हा एकसारख्या झाल्या, दोन्ही काळपट. लाल विटकरी दिसत होती. फक्त पिवळी तेवढी चांगली दिसत होती. ज्या उजेडाने माणसांना ऊब दिली होती त्यात निळा रंगच नव्हता. हे मी कॉलेजात शिकले होते, परीक्षेत लिहिलंही होतं, आणि महिनाभर त्या उजेडाखाली उभी असताना मला एकदाही आठवलं नव्हतं. मी तो तुकडा पिशवीत टाकून घरी गेले.

रात्री जेवताना मी सगळं सांगितलं. बाबांचा जन्म फाइलींत गेलेला. त्यांनी ताक प्यायलं आणि म्हणाले, "यात एवढं डोक्याला हात लावण्यासारखं काय आहे? थंडी, धुकं आणि घाई. या तिघांवर टाक. माणसाचं नाव घालूच नकोस, ना त्याचं ना तुझं. निरीक्षकही माणूसच आहे, वाचेल आणि फाइल बंद करेल." त्यांनी उठून कागदसुद्धा आणला आणि दोन ओळी लिहून दाखवल्या. काय सुंदर ओळी होत्या. त्यांत कुणीच काही केलेलं नव्हतं.

आई म्हणाली, "आणि तो माणूस?"

"त्याचं नाव कुठे आहे यात?" बाबा म्हणाले.

"त्याचं नाव केबलला बांधलंय, बाबा," मी म्हटलं. "माझंच कुठे नाहीये."

बाबांनी तो कागद घडी करून स्वतःच्या खिशात ठेवला. "मोठी साइट हातची जाईल," एवढंच ते म्हणाले. ती मला हवी होती. खूप हवी होती. त्या साइटवर मी कसे खांब लावणार, कुठून केबल नेणार, याच्या चित्रांनी माझी वही भरली होती.

मी रिपोर्ट लिहिला. दिवे मी निवडले. त्या उजेडात निळा आणि काळा ओळखता येत नाही, मी स्वतः करून बघितलं, माझीही तार चुकली. काम सकाळवर ढकलायला मी नकार दिला. घंटीची तपासणी मी टाळली. लिहून झाल्यावर वाचला आणि मला, खोटं कशाला बोलू, स्वतःचा अभिमान वाटला. इतकं सरळ कोण लिहितं?

पुढे काय झालं ते आधीच सांगून टाकते. मोठी साइट दुसऱ्याला मिळाली. मला वर्षभर स्टोअरमध्ये बसवलं, वायरींची भेंडोळी मोजायला. उस्तादांचं परमिट राहिलं. आणि पिवळ्या उजेडात माणसाला थंडी कमी वाजते हे माझं मत मी अजूनही सोडलेलं नाही. खणायला पिवळा, जोडायला पांढरा, असं मी त्यानंतर प्रत्येक साइटवर करत आले आणि कुणी कारण विचारलं तर सांगतेही.

पण रिपोर्ट वर जाण्याआधी त्यावर जॉइंटरची सही लागत होती. मी उस्तादांना ऑफिसच्या पत्र्याच्या खोलीत बोलावलं. रिपोर्ट इंग्रजीत होता, म्हणून मी एकेक वाक्य हिंदीत करून वाचून दाखवलं. माझी अशी अपेक्षा होती की ते निदान हात तरी जोडतील. ते शेवटपर्यंत ऐकत राहिले. मग म्हणाले, "एक बात रह गई."

मी विचारलं, कोणती?

"जिस दिन ये बत्तियाँ लगीं, मैंने आपसे कहा था. इसमें रंग पकड़ में नहीं आता."

ही गोष्ट मी आत्तापर्यंत तुम्हालाही सांगितलेली नाही. लपवली म्हणून नाही. तेव्हा माझ्या ध्यानातूनच ती गेली होती, आणि आजही ही हकीकत सांगायला लागले की ती पहिल्यांदा गळते. त्या पहिल्या संध्याकाळी, सगळे खूश असताना, उस्ताद माझ्याजवळ आले होते, हळूच बोलले होते. आणि मी चर खणणाऱ्या सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्याने म्हटलं होतं, "नाच न जाने आँगन टेढ़ा. डॉक्टर को आँखें दिखाकर आइए, उस्ताद जी." सगळे हसले होते. मीही.

त्यांनी स्वेटरच्या आतून पाकीट काढलं आणि पाकिटातून चार घड्या घातलेली एक चिठ्ठी. सरकारी दवाखान्याची. मी उलगडून वाचली. दोन्ही डोळे उत्तम, रंगांची ओळख बरोबर. तारीख जोडाच्या आधीची होती.

"आपने कहा था, तो मैं गया था," ते म्हणाले. "डॉक्टर ने कहा आँखें ठीक हैं. तो उस दिन मैंने सोचा, जो दिख रहा है वही सही है."

मला मान वर करवेना. लाज वाटली, आणि ती रजई हातात घेतली होती तेव्हापेक्षा जास्त वाटली. ती चिठ्ठी ते किती दिवस खिशात घेऊन माझ्यासमोर खड्ड्यात उतरत होते, आणि मी कधी विचारेन याची वाट बघत होते की मी विचारू नये अशी, हे मी त्यांना विचारलं नाही. मी पेन उघडलं आणि खाली लिहिलं की जॉइंटरने दिव्यांबद्दल पहिल्याच दिवशी सांगितलं होतं आणि मी त्याची चारचौघांत थट्टा केली. ते वाक्यही त्यांना हिंदीत वाचून दाखवलं. त्यांनी मान हलवली, सही केली, आणि चिठ्ठी माझ्या हातातून परत घेतली नाही. म्हणाले, "ये भी लगा दीजिए, मैडम जी." मी टाचणी शोधली आणि ती रिपोर्टला लावली.